'टिंकर टेलर सोल्जर स्पाय' (2011): पुन्हा पाहूनही गुंता सुटेना. कादंबरी आधी वाचावी का? (रहस्य फोडलेलं आहे)

अर्धी_पटकथा

जॉन ल कारे यांच्या 1974 च्या कादंबरीवरचा टोमास आल्फ्रेडसनचा चित्रपट. गॅरी ओल्डमनचा स्मायली, ते करडं-तपकिरी लंडन, सगळं आवडलं. पण गोष्ट काही मुठीत येत नाही. ब्रिटिश हेरखात्याच्या (टोपणनाव ‘सर्कस’) वरच्या अधिकाऱ्यांपैकी सोव्हिएतांचा घरभेदी कोण, याचा शोध काढून टाकलेला हेर स्मायली घेतो. घरभेदी कोण ते शेवटी कळतं. तो इतकी वर्षं पचला कसा आणि सापडला कसा, हे मात्र धूसरच राहतं. नेटवरचे सारांश ‘कोण’ सांगून मोकळे होतात. जाणकारांनी ‘कसं’ ते सांगावं.

1. कुठला प्रसंग कुठल्या काळातला, हे ओळखायचं कसं? पडद्यावर पाट्या जवळपास नाहीतच. सर्कसचा हेर जिम प्रिडो सुरुवातीलाच बुडापेस्टला गोळी खाऊन कोसळतो आणि थोड्या वेळाने इंग्लंडमधल्या शाळेत मुलांना शिकवताना दिसतो. हे आधीचं की नंतरचं?

2. ‘विचक्राफ्ट’ म्हणजे नक्की काय? ब्रिटिश हेरखात्याचे चार बडे अधिकारी (अ‍ॅलेलाईन, हेडन, ब्लँड, एस्टरहेज) लंडनमध्येच सोव्हिएत वकिलातीतल्या माणसाला गुपचूप भेटतात आणि त्यात कुणाला काही वावगं वाटत नाही?

3. पॅरिसहून एक तार येते आणि घरभेदी हेडन थेट सापळ्यात चालत येतो. इतका मुरलेला माणूस येतोच का?

4. सोव्हिएत हेरप्रमुख कार्ला एवढा मोठा खलनायक, त्याचा चेहरासुद्धा नाही. का?

5. पटकथेच्या अंगाने विचारतो. एवढी गुंतागुंतीची कादंबरी 127 मिनिटांत बसवताना काय कापलं, काय जोडलं? यातून रूपांतराचं काही तंत्र शिकता येईल का?

खिडकीपलीकडे

पहिल्या प्रश्नाचं उत्तर स्मायलीच्या नाकावर आहे. चष्मा बघा.

प्रमुख ‘कंट्रोल’बरोबर स्मायलीलाही सर्कसमधून काढतात. त्यानंतर तो चष्म्याच्या दुकानात जातो आणि जाड, मोठ्या चौकटीचा नवा चष्मा घेतो. प्रसंग इतका बिनबोलाचा आहे की श्रेयनामावली वाचता वाचता निसटतो. त्यानंतर ‘आत्ता’च्या प्रत्येक दृश्यात हा जाड चष्मा आहे आणि मागच्या काळातल्या दृश्यांत जुना. एवढं धरून ठेवलं तरी निम्मा गोंधळ मिटतो. स्मायली नसलेल्या दृश्यांसाठी खुर्ची बघा. प्रमुखाच्या जागी जॉन हर्टचा कंट्रोल असेल तर आधीचं, पर्सी अ‍ॅलेलाईन असेल तर नंतरचं.

दुसरी खूण अशी की यात भूतकाळ सहसा आपणहून येत नाही, कुणीतरी साक्षीदार तोंड उघडतो तेव्हा येतो. सर्कसचा हेर रिकी टार बोलू लागला की इस्तंबूल. सर्कसची जुनी विश्लेषक कॉनी सॅक्स बोलू लागली की सोव्हिएत वकिलातीतल्या पॉलियाकॉव्हची जुनी चित्रफीत (‘सांस्कृतिक अधिकारी’ म्हणवणाऱ्याला गणवेशातला माणूस सलाम ठोकतो, ती). जेरी वेस्टर्बी बोलला की जिमला गोळी लागली त्या रात्रीची सर्कस. आणि जिम बोलला की त्याची कोठडी. थोडक्यात हा जबान्यांचा चित्रपट आहे. कोण कुणाला सांगतंय हे धरलं की सुटलेला धागा परत हाती येतो.

जिमचा क्रम: नाताळची पार्टी, कंट्रोलने त्याला घरी बोलावणं, बुडापेस्ट, गोळी, पकडलं जाणं, चौकशी, मायदेशी परत पाठवणी, आणि मग शाळेतली नोकरी. शाळा म्हणजे ‘आत्ता’. आपल्याला तो मेला असं वाटावं ही दिग्दर्शकाचीच इच्छा आहे, त्यामुळे तो शाळेत दिसल्यावर आपण आपोआप ‘हे आधीचं असणार’ असं धरतो आणि तिथून पुढे सगळं घसरतं.

नाताळची पार्टी तेवढी मधूनमधून तुकड्यातुकड्यांनी येते. ती एकच संध्याकाळ आहे, दर वेळी तिचा नवा कोपरा उघडतो. अवांतर: त्या गर्दीत सोव्हिएत राष्ट्रगीताच्या वेळी एक पाहुणा दिसतो, ते स्वतः ल कारे.

फाईल_क्रमांक_नाही

प्रश्न 2 आणि 3 एकत्रच घेतो. दुसरा कळला की तिसऱ्याला फार काही उरत नाही.

विचक्राफ्टमध्ये एकच बैठक दोन वेगवेगळ्या कारणांनी दोन्हीकडे खपवली जाते.

लंडनला सांगितलेली गोष्ट: अ‍ॅलेलाईनला ‘मर्लिन’ नावाचा सोव्हिएत गोटातला स्रोत मिळाला. माल अव्वल दर्जाचा. तो लंडनमध्ये आणून देतो पॉलियाकॉव्ह. भेटी एका गुप्त घरात. त्या घराचा पत्ता मूठभर लोकांनाच ठाऊक आणि खर्चाला वरून मंजुरी.

आता पॉलियाकॉव्ह वकिलातीतून सारखा गायब होतो, तर त्याच्या वरिष्ठांना काय सांगायचं? म्हणून दुसरी गोष्ट: पॉलियाकॉव्हने मॉस्कोला कळवलंय की सर्कसमध्ये माझा एक खबऱ्या आहे, त्याला भेटायला जातो. ही थाप आहे असं सर्कसवाले धरून चालतात. त्यांच्याच संमतीने मारलेली. टोबी एस्टरहेज खबऱ्याचं सोंग वठवतो. पॉलियाकॉव्ह रिकाम्या हाताने परतला तर संशय येईल, म्हणून प्रत्येक भेटीत त्याला थोडे किरकोळ कागद दिले जातात. खरे दिसावेत एवढेच, नुकसान होऊ नये इतपत.

प्रत्यक्षात मर्लिन वगैरे कुणी नाही. लंडनला येणारा माल कार्ला स्वतः निवडून धाडतो आणि त्या ‘किरकोळ’ कागदांतून हेडनचा अस्सल माल मॉस्कोला जातो. टोबीला वाटतं आपण खबऱ्याचं नाटक करतोय, तर तो खरोखरच टपाल पोचवत असतो.

आता यातली खरी मेख. बाहेरून कुणीही येऊन म्हणालं की ‘तुमच्यात घरभेदी आहे, तो पॉलियाकॉव्हला भेटतो’, तर हे चौघं काय करतील? गालात हसतील. त्यांच्या मते ही आपणच पसरवलेली अफवा फिरून परत आली. ती दाबलीच पाहिजे, नाहीतर मर्लिनचा जीव जाईल. म्हणजे घरभेद्यावरचं पांघरूण उरलेले तिघं प्रामाणिकपणे, देशसेवा समजून, नीट ओढून देतात. टारची तार दडपली जाते ती याच कारणाने, आणि कॉनीला ‘तुझं डोकं फिरलंय’ म्हणून घरी बसवतात तेही याच कारणाने.

कार्ला चांगला माल फुकट का वाटतो? कारण गिऱ्हाईक ब्रिटन नाहीच. विचक्राफ्टच्या जोरावर अ‍ॅलेलाईन अमेरिकनांशी माहितीची देवघेव सुरू करणार. अमेरिकनांचं गुपित एकदा सर्कसमध्ये आलं की हेडनमार्फत ते मॉस्कोला. आधी दिलेला माल ही गुंतवणूक.

बुडापेस्टही याच हिशेबातलं. कंट्रोलला विचक्राफ्टचा वास आला होता. त्याला हटवायला आमिष टाकलं: एक हंगेरियन जनरल फितूर व्हायला तयार आहे आणि त्याला घरभेद्याचं नाव माहीत आहे. कंट्रोलने कुणालाही न सांगता जिमला पाठवलं. जिमने निघण्यापूर्वी हेडनला गाठलं, कारण मैत्री. शोभा झाली, कंट्रोल गेला, अ‍ॅलेलाईन बसला.

तर सापळा. स्मायलीला नाव सिद्ध करायचंच नाहीये, हे लक्षात घ्या. चौघांपैकी कुठलाही एक चालेल. त्याला हवाय फक्त त्या घराचा पत्ता, आणि तो टोबीकडून मिळतो. मग टार पॅरिसच्या कचेरीत घुसतो, तिथल्या प्रमुखावर पिस्तूल रोखून लंडनला तार पाठवायला लावतो: खात्याच्या सुरक्षिततेला अत्यंत आवश्यक अशी माहिती माझ्याकडे आहे. ही तार चौघंही वाचतात. तिघांना ती कटकट वाटते. चौथ्याला मात्र ठाऊक असतं की इस्तंबूलला भेटलेल्या सोव्हिएत इरिनाने टारला घरभेद्याबद्दल काय सांगितलं असेल. त्याला ताबडतोब कार्लाला सावध करायला हवं, आणि त्याचा कार्लाकडे जाणारा रस्ता एकच, पॉलियाकॉव्ह. पॉलियाकॉव्हला सुरक्षितपणे भेटायची जागाही एकच. हेडन मुरलेला आहे म्हणूनच नियमाने वागतो आणि नियमाने वागणारा माणूस कुठे येणार हे आधी कळतं. स्मायली तिथे अंधारात बसून राहतो, बस.

इस्तंबूलला झालं तेच लंडनला उलटं फिरवलंय, हे जाता जाता. तिथे टारने तार केली, लंडन गप्प बसलं आणि तेवढ्यात इरिना उचलली गेली. तार गेल्यावर सोव्हिएत बाजू हलते, म्हणजे तार त्यांच्यापर्यंत पोचते. स्मायलीने तोच प्रयोग मुद्दाम पुन्हा केला, फक्त या वेळी दुसऱ्या टोकाला स्वतः जाऊन बसला.

अर्धी_पटकथा

आता पेटली! म्हणजे टोबी शेवटपर्यंत निर्दोषच?

फाईल_क्रमांक_नाही

फितूर नाही. पण निर्दोष म्हणायला जीभ रेटत नाही. वारं फिरेल तसा फिरणारा माणूस आहे तो.

कात्री_आणि_गोंद

पाचव्या प्रश्नाबद्दल. पटकथा ब्रिजेट ओ'कॉनर आणि पीटर स्ट्रॉन या नवरा-बायकोची. ओ'कॉनर 2010 मध्ये कर्करोगाने गेल्या, चित्रपट त्यांना अर्पण केलाय. रूपांतरित पटकथेचं बाफ्टा मिळालं, ऑस्करला नामांकन होतं. आता कारागिरीकडे.

माणसं कमी करण्याची पद्धत बघा. कादंबरीत बातमीदार जेरी वेस्टर्बी आणि हेरखात्याचा सॅम कॉलिन्स ही दोन वेगळी माणसं आहेत. जिमला गोळी लागली त्या रात्री सर्कसमध्ये ड्यूटीवर होता तो सॅम. वेस्टर्बीने चेकोस्लोव्हाकियात एका सैनिकाकडून ऐकलेलं असतं की रशियन तुकड्या आधीच येऊन दबा धरून बसल्या होत्या. चित्रपटात सॅम गाळला, त्याची ड्यूटी वेस्टर्बीला दिली. मग ‘दबा धरून बसले होते’ ही माहिती कुठे गेली? ती बुडापेस्टच्या दृश्यात थेट डोळ्यांना दिसते. कॅफेत जिमच्या टेबलाशी आलेला वेटर घामाघूम झालाय, घामाचा थेंब टेबलावर पडतो, आसपासची माणसं जरा जास्तच स्थिर बसलीत. एका साक्षीदाराचं अख्खं प्रकरण त्या थेंबात आलं. प्रत्येक पात्रापुढे ‘हा नायकाला कोणती माहिती देतो’ एवढंच लिहून काढा. एकाच रात्रीबद्दल दोघं बोलत असतील तर एकाला सुट्टी द्या, आणि सुटलेली माहिती दृश्यात बसते का बघा.

जागाही बदलल्यात. कादंबरीत जिमला गोळी लागते ब्रनोजवळच्या जंगलात, रात्री. इथे बुडापेस्ट, भर दिवसा, चकचकीत फरशीच्या जुन्या पॅसेजमध्ये. जंगलात कोण कुणावर गोळी झाडतंय ते प्रेक्षकाला कळलं नसतं. टार आणि इरिना कादंबरीत हाँगकाँगला भेटतात, 1979 च्या बीबीसी मालिकेत लिस्बनला, इथे इस्तंबूलला.

आणि सगळ्यात मोठा बदल क्रमाचा. कादंबरीत जिमची खरी हकीकत फार उशिरा, त्याच्याच तोंडून येते. सुरुवात होते शाळेत आलेल्या एका गूढ नव्या शिक्षकापासून, बिल रोच या एकलकोंड्या मुलाच्या नजरेतून. वाचकाला ते चालतं, त्याला मागची पानं उलटता येतात. थिएटरातल्या माणसाला पहिल्या दहा मिनिटांत गोळी ऐकू आली पाहिजे. त्याची किंमत म्हणजे तुमचा प्रश्न क्रमांक एक.

जोडलेलं काय? नाताळची पार्टी, जी कादंबरीत नाही. पुस्तकात हे लोक एकेकाळी एकमेकांचे कोण होते हे आठवणींतून झिरपत राहतं. पडद्यावर आठवणी झिरपत नाहीत. म्हणून एक खोली, दारू, गाणी, आणि त्यात सगळे संशयित, कंट्रोल, स्मायली, त्याची बायको अ‍ॅन, जिम. अ‍ॅन आणि हेडनचं प्रकरण स्मायलीला खिडकीतून दिसतं ते तिथेच. जिम आणि हेडन एकमेकांकडे बघतात तेही तिथेच. आठ-दहा प्रसंगांचं काम एका पार्टीने उरकलंय.

इरिनाला जिमच्या डोळ्यांदेखत गोळी घालणं हीसुद्धा भर. टारची गोष्ट आणि जिमची गोष्ट पुस्तकात वेगळ्या वाहतात, इथे त्यांना एका खोलीत गाठ मारली. त्या गाठीचा पुढे निष्ठुर उपयोग होतो. टार पॅरिसला जाण्यापूर्वी स्मायलीकडे इरिनाला परत आणण्याचं वचन मागतो. ती मेलीये हे स्मायलीने जिमकडून ऐकलेलं असतं, तरी तो शक्य ते करीन म्हणतो. पुस्तकातल्या टारच्या मागे त्याची मुलगी आणि तिची आई आहे, आणि तो पुरता भरवशाचाही नाही. इथे त्याला इरिनावरच्या प्रेमापुरता ठेवलाय. थोडा सपाट झाला, पण वेळ वाचला.

एक दृश्य मात्र पटकथा शिकणाऱ्याने पुन्हा पुन्हा थांबवून बघावं: टोबीची उलटतपासणी. कादंबरीत ती एका खोलीत घडते आणि स्मायली पानंच्या पानं बोलत त्याला विचक्राफ्टचा उलगडा करून दाखवतो. हे जसंच्या तसं घेतलं असतं तर प्रेक्षक जांभया देत बसला असता. चित्रपटात ते टोबीला मोकळ्या धावपट्टीवर नेतात. दोघं उभे, स्मायलीचा आवाज चढत नाही. मागे, दूर, एक लहान विमान उतरतं आणि धावपट्टीवरून त्यांच्याच दिशेने येऊ लागतं. लांब भिंगामुळे अंतर चेपलं गेलंय, विमान प्रत्यक्षात आहे त्यापेक्षा जवळ वाटतं, पंखा जणू टोबीच्या खांद्यामागेच फिरतोय. ‘तुला देशाबाहेर पाठवीन’ अशी धमकी मोठ्याने द्यावी लागतच नाही. मूळचा हंगेरीचा टोबी मागे वळून बघतो आणि मोडतो. स्मायलीला हवाय फक्त घराचा पत्ता. लांबलचक स्पष्टीकरण होतं तिथे आता एक मागणी आणि एक घड्याळ आहे, आणि घड्याळाचं काम विमान करतं.

छायाचित्रण हॉयटे व्हॅन हॉयटेमाचं, जो पुढे 'ओपनहायमर'साठी ऑस्कर घेऊन गेला.

उलट_तपासणी

वरचं सगळं मान्य, पण कौतुकाच्या भरात एक दोष कुणीच सांगत नाहीये. संशयित उभेच राहत नाहीत. किआरन हिंड्ससारखा नट रॉय ब्लँड करतोय आणि त्याच्या वाट्याला धड काही नाही. कादंबरीत ब्लँड डाव्या प्राध्यापकाचं आवरण घेऊन पूर्व युरोपात वर्षानुवर्षं राबलेला, त्यात पिचलेला माणूस आहे. तो फितूर झाला असता तर पटलंच असतं. चित्रपटात तो टेबलाभोवतीची एक खुर्ची. बुद्धिबळाच्या सोंगट्यांवर चिकटवलेले फोटो (हीही चित्रपटाचीच भर) नसते तर कोण टिंकर आणि कोण सोल्जर (कंट्रोलने संशयितांना दिलेली टोपणनावं) हे कुणाच्या लक्षातही राहिलं नसतं.

त्यात कॉलिन फर्थ. फेब्रुवारी 2011 मध्ये त्याला ऑस्कर मिळालं, सप्टेंबरमध्ये हा चित्रपट लागला. चार संशयितांत सगळ्यात मोठा तारा कोण हे तिकीट काढतानाच ठाऊक. रहस्य तिथेच संपलं.

बीबीसीची मालिका 7 भागांची, प्रत्येकी साधारण 50 मिनिटं. तिथे प्रत्येक संशयिताला श्वास घ्यायला जागा आहे, आणि अ‍ॅलेक गिनेसचा स्मायली चष्म्याची काच टायच्या टोकाने पुसतो तेवढ्यातही पात्र दिसतं.

कात्री_आणि_गोंद

ब्लँडबद्दल तुमचं शंभर टक्के खरं, तिथे कात्री हाडापर्यंत गेलीय. पण ‘कोण’ हे रहस्य तर कादंबरीतही फार घट्ट झाकलेलं नाही. हेडनचं नाव उघडं पडतं तेव्हा स्मायलीला उमगतं की आपण सगळेच हे अर्धवट जाणून होतो, कुणी मनाशी कबूल केलं नाही, इतकंच. ल कारे यांच्या समोर किम फिल्बीचं उदाहरण होतं. जानेवारी 1963 मध्ये बैरूतहून पसार झालेला तो माणूस वर्षानुवर्षं ब्रिटिश हेरखात्याचा लाडका होता आणि त्याच्या मित्रांना पुरावा समोर असूनही तो दिसत नव्हता. ‘तो दिसला का नाही’ हाच मूळ विषय. त्या अर्थाने फर्थ योग्यच आहे. देखणा, हजरजबाबी, सगळ्यांना आवडणारा, आणि म्हणून न दिसणारा.

झुंजारछाप धक्क्यांच्या अपेक्षेने बसलेल्याची निराशा होणार हे खरं.

गर्स्टमनचा_लायटर

चौथा प्रश्न सगळ्यांनी टाकून दिला, आणि खरं तर तिथेच गोष्टीचा खिळा ठोकलेला आहे. तोही दिल्लीत.

1955. मॉस्कोत एकामागून एक साफसफाया चालू, हेर भराभर फुटतायत आणि स्मायली देशोदेशी फिरून त्यांना आपल्या बाजूला ओढतोय. त्यातला एक ‘गर्स्टमन’ या नावाने वावरतोय. मॉस्कोला परत गेला तर मरण नक्की. दिल्लीत त्याला अडवलेलं आहे आणि त्याला वळवायला स्मायलीकडे जेमतेम वेळ आहे. उकाडा मरणाचा. स्मायली बोलतोय, समोरचा गप्प. स्मायली त्याला सिगारेट देतो, स्वतःचा लायटर देतो. लायटर अ‍ॅनने दिलेला, तिचे प्रेमाचे शब्द कोरलेला. आणि शेवटी थकून तो गर्स्टमनला बायकोचा विचार कर म्हणतो. म्हणजे वळवायला आलेल्यानेच आपला दुखरा भाग दाखवून दिला. गर्स्टमन दुसऱ्या दिवशी विमानात बसून मरणाच्या दिशेने निघून जातो, लायटर खिशात टाकून. तो मरत नाही. तोच कार्ला.

चित्रपटात याचं एकही दृश्य नाही. रात्री, हातात ग्लास घेऊन स्मायली आपल्या मदतनीस ग्विलमला हे सांगतो आणि सांगता सांगता समोरच्या रिकाम्या खुर्चीशी बोलायला लागतो. बीबीसी मालिकेत फ्लॅशबॅक होता. पॅट्रिक स्ट्युअर्टने एक शब्दही न बोलता कार्ला केलाय, आणि उत्तम केलाय. इथे खुर्ची रिकामी ठेवल्याने स्मायलीच्या डोक्यात तो अजून बसलेला आहे हे दिसतं.

पण हे निव्वळ वातावरण नाही, कथेचा सांधा आहे. स्मायलीची कमजोर जागा अ‍ॅन आहे हे कार्लाला दिल्लीत कळलं. पुढे त्याने हेडनला अ‍ॅनशी संबंध जोडायला सांगितलं. हेतू साधा: स्मायलीला उद्या हेडनचा संशय आलाच, तर त्याला स्वतःलाच वाटावं की मी सुडापोटी असं म्हणतोय. घरभेद्याला सगळ्यात हुशार तपासनिसापासून वाचवायला याहून स्वस्त उपाय नव्हता. जिमला गोळी लागल्याच्या रात्री सर्कसमधून स्मायलीच्या घरी फोन जातो, तो बाहेरगावी असतो, अ‍ॅन फोन घेते, आणि थोड्या वेळाने हेडन सर्कसमध्ये हजर. त्याला कसं कळलं याचं उत्तर स्मायलीला नवरा म्हणून लगेच सुचतं, म्हणून हेर म्हणून तो तिथे रेंगाळत नाही. दिल्लीतल्या चुकीचं व्याज इथे वसूल झालं.

म्हणूनच कार्ला आणि अ‍ॅन, दोघांचेही चेहरे चित्रपट दाखवत नाही. अ‍ॅन पाठमोरी किंवा अर्धवट दिसते, कार्लाचा फार तर हात. लायटर कुठे दिसतो तेवढं बघत राहा.

अर्धी_पटकथा

दिल्लीचा आणि अ‍ॅनचा धागा अजिबात जोडला नव्हता. सर्वांचे आभार. आता शेवटचं: आधी काय? पुस्तक, मालिका, की चित्रपट पुन्हा? आणि हेडनच्या शेवटात फरक आहे म्हणे?

खिडकीपलीकडे

तुम्ही चित्रपट पाहिलाच आहे, तेव्हा आता पुस्तक. पहिली काही प्रकरणं सर्कशीची बोली अंगावर येईल: स्काल्पहंटर्स म्हणजे ब्रिक्स्टनला बसणारी हाणामारीची टोळी, लॅम्पलायटर्स म्हणजे पाळत, टपाल आणि गुप्त घरं सांभाळणारे, नर्सरी म्हणजे सॅरटचं प्रशिक्षण केंद्र. अर्थ शोधत थांबू नका, पन्नासेक पानांत कान सरावतो. सोबत एक कागद ठेवून फक्त दोन गोष्टी टिपा: कोण बोलतंय आणि तो कोणत्या वर्षाबद्दल बोलतोय.

हेडनचा शेवट: पुस्तकात सॅरटच्या आवारात त्याची मान मोडलेली सापडते. कुणी केलं हे थेट लिहिलेलं नाही, स्मायलीला उमगतं. चित्रपटात जिम दुरून रायफल झाडतो, आणि त्या वेळी खुलिओ इग्लेसियासच्या आवाजातलं 'ला मेर' वाजत असतं. गाणं सुरू झालं की उठू नका, पार्टीचा शेवटचा तुकडा त्यातच आहे.

पुन्हा पाहाल तेव्हा इंग्रजी सबटायटल लावून बघा. यात महत्त्वाची वाक्यं तोंडातल्या तोंडात, पाठ फिरवून बोलली जातात.

उलट_तपासणी

आणि त्यानंतर मालिका. ब्रिटिश आवृत्ती 7 भागांची आहे, अमेरिकेत दाखवताना ती कापून 6 भागांची केली होती. कुठेही मिळवलीत तरी आधी भाग मोजा. 6 असतील तर ती कापलेली, सोडून द्या.

लायटरचं पुढे काय झालं हे हवं असेल तर 'स्मायलीज पीपल' वाचा, कादंबरी 1979 ची, त्यावरची गिनेसचीच मालिका 1982 ची. मधली 'द ऑनरेबल स्कूलबॉय' (1977) गाळली तरी चालते. वाचणारच असाल तर एक सूचना: तिचा नायक जेरी वेस्टर्बी आहे, चित्रपटातला नव्हे, पुस्तकातला बातमीदार. सॅम कॉलिन्सही तिथे भेटेल, स्वतःच्या नावाने.